तारेपलीकडचा होकार

पंढरीनाथ : नाहीच म्हणायचंय, तर फोन घ्यायचा कशाला? वाजू दे. ते काय समजायचं ते समजतील.

बकुळा : गप बसा वो! त्याचा मामा साता समुद्रापल्याडून फोन लावनार, आन् ह्यानं उचलायचा न्हाय?

नबील : उचलणार, मावशी. नाही म्हणणार, पण उचलणार.

पंढरीनाथ : आज शुक्रवार, सगळे लूम बंद, म्हणून बरंय. एरवी शेठच्या या ऑफिसात स्वतःचा आवाज ऐकू येत नाही. शेठला मी सांगितलंय, आमच्या भाडेकरूच्या बहिणीच्या लग्नाचं आहे, चावी द्या. आता लग्नाला नकार द्यायला चावी घेतली, असं कसं सांगू?

बकुळा : पोरगा वंगाळ हाय का रं?

नबील : नाही मावशी, चांगला आहे. शाळेत शिकवतो. सुहा आणि तो एकाच गल्लीत खेळले.

बकुळा : मंग? कालधरनं जेवला न्हाईस तू. मना वाटलं, पोरगा दारुडा हाय.

नबील : गल्लीतून काटेरी तार गेली. मी शाळेत होतो तेव्हा. दोन देशांचा समझोता झाला, नकाशावर रेघ मारली, आणि ती आमच्या गावातूनच गेली. आमचं घर अलीकडे, तिथे इस्रायलचं लष्कर. मामाचं घर, त्या मुलाचं घर पलीकडे, इजिप्तमध्ये. बेकरीपण पलीकडे गेली.

बकुळा : म्हंजे गावाची शीव गावाच्या मधनंच?

नबील : शीव मतलब?

बकुळा : हद्द रं गावाची. आमच्यात नवरी निघाली का शिवेवर नारल फोडतान, मंग ती पार जाते.

पंढरीनाथ : आणि सणाला येते परत, नवऱ्याची गाऱ्हाणी घेऊन.

नबील : सुहा परत येणार नाही, काका. परत यायला परवाना लागतो, आमच्या लोकांना तो देत नाहीत. तारेपाशी यायचं, ओरडून बोलायचं. दोन तारा आहेत, मधून लष्कराच्या जीपचा रस्ता. माणूस दिसतो. हात लागत नाही.

पंढरीनाथ : आणि त्यात कर्फ्यू. रेडिओवर सांगत होते.

नबील : हो.

पंढरीनाथ : इथल्या चौऱ्याऐंशीच्या दंगलीत आम्हीपण बघितला कर्फ्यू. दुधाला बाहेर पडायची सोय नव्हती. पण तो एकदाचा उठला.

नबील : आमचा उठतो, परत बसतो. वडील वारले. मी इथे कापडाचं शिकायला आलो. घरात आई आणि सुहा, दोघीच. आमच्यात बाप नसला तर मोठा भाऊ हो म्हणतो, तेव्हा लग्न होतं. मी हो म्हणालो तर आई एकटी. मग मी कसा हो म्हणू?

पंढरीनाथ : बरोबर आहे तुझं. आईचं बघायलाच पाहिजे. मी असतो तरी नाहीच म्हणालो असतो.

बकुळा : तुमी म्हनालाच असता! आन् ती पोरगी काय म्हनते?

नबील : सुहा? ती काय म्हणणार... तिला कोणी विचारलं असेल, असं वाटत नाही.

बकुळा : तू इचारलंस?

नबील : नाही.

बकुळा : मना पन कोनी इचारलं नव्हतं. खाडीच्या जमिनीपायी दोन गावांची मारामारी चाललेली. माजा भाऊस बोलला, हिला त्या गावात देऊ, भांडान मिटंल. भांडान काय मिटलं न्हाय. मना माहेरी जायाची बंदी झाली. आय खाडीच्या बांधावर येऊन उबी ऱ्हायची, मी ह्या अंगाला. हाक मारायची पन चोरी.

पंढरीनाथ : बकुळा, एवढी वर्षं बोलली नाहीस कधी.

बकुळा : तुमी तरी कवा इचारलंत?

पंढरीनाथ : म्हणजे... तुला यायचं नव्हतं?

बकुळा : आता त्याचं काय! नबिल्या, तू हो बोल नायतर नको बोल. पन तुज्या आयसाठी बोलतोस, माज्यासाठी बोलतोस, तसं नको. मामाला सांग, पोरीला इचारा. तिच्या तोंडून येऊ दे.

नबील : आणि ती हो म्हणाली तर, मावशी? आईचं काय?

बकुळा : आय रडंल. मी का खोटं सांगू?

(फोन वाजतो. नबील अरबीत बोलतो, मग बराच वेळ नुसता ऐकतो. रिसीव्हर ठेवतो.)

पंढरीनाथ : काय झालं? सांगितलंस?

नबील : मी म्हणालो, सुहाला विचारा. मामा म्हणाला, आजच विचारलं. कर्फ्यू उठला तशा आई आणि सुहा तारेपाशी आल्या. मामानं पलीकडून ओरडून विचारलं, तुला हे लग्न पाहिजे का. सुहा हो म्हणाली. परत परत ओरडली, हो, हो. पलीकडची माणसं टाळ्या वाजवायला लागली.

पंढरीनाथ : मग तू?

नबील : मीपण हो म्हणालो, काका.

बकुळा : आन् आय?

नबील : आई तिच्या शेजारीच उभी होती. मामानं विचारलं, ऐकलंस ना? आई म्हणाली, वारा फार आहे, मला काही ऐकू आलं नाही.

बकुळा : पैल्यांदा वरडली तवाच ऐकलंय रं तिनं.