चिंध्या टाकायच्या नाहीत

मी ठाण्यातल्या कोपरीचा. वडील शिंपी, आण्णा म्हणायचो आम्ही त्यांना, एका खोलीत घर नि दुकान, आणि काय सांगू तुम्हाला, त्या मशीनच्या आवाजात मी इतका झोपलोय की अजूनही फार शांत असलं ना, मला झोप येत नाही. आण्णांची एक खोड होती. अरे चिंध्या टाकायच्या नाहीत, गिऱ्हाईक ठिगळाला परत येतं, म्हणायचे. प्रत्येक कपड्याची उरलेली चिंधी पुडीत, पुडीवर नाव. आम्ही भावंडं हसायचो.

मी एडिटर कसा झालो ते विचारू नका, लग्नाच्या कॅसेटी जोडायला गेलेलो तो तिथनं माहितीपटांत घुसलो, आता डोंबिवलीला घरातच बसतो. बायको म्हणते, ह्यांचं सगळं गणगोत पडद्यावर. खरंय हो. सहा-सहा महिने एकाच माणसाकडे बघायचं, तो कधी खोकणार, कधी डोळे पुसणार, मला आधीच कळतं, आणि त्या बिचाऱ्याला मी कोण ते माहीतच नसतं.

तर ठाण्याच्या खाडीवरच्या कोळ्यांची एक फिल्म केलेली मी. मग नवरात्रात टेंभी नाक्याला गेलेलो, देवीच्या रांगेत त्यातली मावशी समोरच! मी आपला घरच्यासारखा, काय मावशी, गुडघा कसाय? ती बघतच राहिली, तू कोन रं? म्हटलं, तुमची फिल्म मी कापली. झालं, बाईचा चेहराच बदलला. म्हंजे तूच काय तो? आख्खी आळी बघाया बसलेली, आमचे म्हाताऱ्याला कुठं टाकलास? आता तर तो बी नाय रं.

मला लगेच आठवला. नऊ मिनिटं म्हातारा जाळं विणतोय, बाकी काही नाही, आणि शेवटी कॅमेऱ्यात बघून विचारतो, झालं का तुमचं? आता कॅमेऱ्यात बघितलं की आमच्याकडे शॉट बाद. मीच काढलेला, चहा पिता पिता. लाज वाटली हो, त्या रांगेत कुठे तोंड लपवू असं झालं.

डायरेक्टरला फोन केला तर म्हणाला, न वापरलेलं सगळं कधीच पुसलं. पण मी आण्णांचा मुलगा ना! चार दिवस कपाटातल्या जुन्या डिस्का लावत बसलो, आणि सापडला, वर माझ्याच अक्षरात चिठ्ठी, जाळंवाले काका.

मावशीच्या घरी टीव्हीला लावून दिला. इथे कापावं, तिथे कापावं, माझी बोटं नुसती शिवशिवत होती. मागे पाणी हलतंय, म्हातारा गाठ मारतोय, पुन्हा गाठ मारतोय, मावशी पदर तोंडाला लावून बसलेली. संपल्यावर एवढंच म्हणाली, परत लाव.

परवा गेलेलो सहज. मावशी खाली बसून कोलंबी सोलत होती, टीव्ही चालूच. म्हाताऱ्याने वर बघितलं, विचारलं, झालं का तुमचं? आणि मान वर न करता मावशी म्हणाली, नाय, बस अजून.