खांद्यावरचा कॅमेरा

मी किती दचकते ते तुम्हाला माहीतच आहे. लालबागच्या एका चाळीत कॅमेरावुमन म्हणून माझी पहिली फिल्म चालू होती. सीन असा, की चिडलेला नवरा बाहेरून दार बडवतो आणि आत बायको दचकते. कॅमेरा माझ्या खांद्यावर. दार वाजलं, तिच्याबरोबर मीही दचकले आणि अख्खी फ्रेम हलली.

“कट! काय गं, भित्री भागूबाई!” दिग्दर्शक ओरडले. “कॅमेरा स्टँडवर लाव, नाहीतर उद्यापासून दुसरा कॅमेरामन बोलावतो.”

मी कॅमेरा खांद्यावरच ठेवून म्हटलं, “नाही लावणार, सर. ती दचकते तेव्हा बघणाराही दचकला पाहिजे. स्टँड दचकत नाही.”

त्यांनी मॉनिटरवर शॉट पुन्हा पाहिला. “पुढच्या टेकला असंच दचकशील?”

“दार वाजवून बघा.”