प्रणिताबाईचं घर

— असंच ढगाळ हुतं त्या दिशीबी. ऊन न्हाई, पाऊस न्हाई, पानबी हलत नव्हतं, नुसतं उकडत हुतं. बसा की ओट्यावर, उभं कशाला? प्रणिताबाईचं घर ना — सांगतो, सांगतो. आमच्या बेलापुरात कुनी घर इचारलं तर नुसतं सांगत न्हाईत, हात वर करून दाखवत्यात, दारापस्तोर नेऊन सोडत्यात. लहानपनापासूनची सवय.

तुमी तिची फिलम बघितली? मोबाईलवर बघितली असंल. शाळेत शिकवायची ती, सुट्टीत फिलमा काढायची. त्या फिलममधी गावात हुकूमसाहेब येतो, त्याचा फोटू घरोघर लावायचा, गोठ्यातबी — म्हशीनं फोटूला मान डोलावल्याबिगर धार काढायची न्हाई, असा कायदा! लई हसली मानसं. अन् ज्यानं फोटू लावला न्हाई त्याचं घर शिपायांना दाखवनारा म्हातारा — तो मी. हां, हेच तोंड. बोलायचं काय न्हाई, नुसतं बोट वर करायचं. पन कॅमेरा लागला की हात वरच व्हायचा न्हाई. अख्खी दुपार गेली. "सहादेवकाका, परत एकदा," म्हनायची, रागावली न्हाई. मधी च्या पाजला.

मग त्या ढगाळ दिशी जीप आली. इस्त्रीच्या कपड्यातली मानसं. "बाबा, फिलमवाल्या बाई कुठं राहतात?" मला वाटलं, कौतुकाला आले असतील, हार-नारळ घेऊन — न्हाई, हार नव्हता हातात. काठ्या हुत्या. दिसल्या हुत्या मला. मग का दाखवलं? इचारलं की हात उठतोच ना. भ्यालो व्हय मी? — भ्यालो असंल.

खिडक्या फोडल्या, मोबाईल नेला, तिलाबी गाडीत घालून नेली. परत आली ती, पन शाळेनं काढून टाकली. आता दार लावून असती.

तुमी भले असाल — तिच्या ओळखीचे, न्हाईतर दुसरेच कुनी. मला काय कळनार? तेबी हसूनच बोलले हुते. हा हात बघा, मांडीखाली दाबून बसतो मी आता. न्हाई दाखवत. जावा तुमी.

अजून बसलाच? — जीप गेली त्या सांजच्याला तिची सासू, इंदूबाई, दारातल्या काचा गोळा करत हुती. मी सुपली धरायला गेलो. तिनं वरबी बघितलं न्हाई. म्हनली, "सहादेवभाऊ, फिलमच्या दिवशी अख्खी दुपार गेली तुमची. आज बरा पहिल्या झटक्यात वर झाला हात."