पडद्यावरचा आवाज अण्णांचा नव्हता

आदरणीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरील मान्यवर, आजचे सत्कारमूर्ती श्री. महिपती पायगुडे म्हणजे आपले अण्णा, पहिल्या रांगेत बसलेल्या त्यांच्या पत्नी यमुनाकाकू, आणि सभागृहातील सर्व रसिकहो,

मी तेजस. सदाशिव पेठेतल्या एका स्टुडिओत चित्रपटांना आवाज भरण्याच्या यंत्रावर बसतो. शिक्षण दहावीपर्यंत. म्हणून भाषण चार वेळा लिहून, तपासून आणलं होतं. त्यात अण्णांचं कौतुक होतं. पण अर्ध्या तासापूर्वी कार्यक्रमपत्रिकेवरचं ‘सत्कारमूर्तींचे मनोगत’ पेनाने खोडलं गेलं. कारण काय, तर प्रमुख पाहुण्यांना यायला उशीर झाला. पाहुण्यांचं भाषण खोडलं नाही. माझंसुद्धा नाही. ज्यांचा सत्कार, तेवढेच गप्प! त्यामुळे कागद खिशातच ठेवतो. न बघताच बोलतो.

मघाशी पडद्यावर अण्णांचा एक प्रसंग दाखवला. मुलीला सासरी पाठवणारा बाप. आपण टाळ्या वाजवल्या. पाहुणे म्हणाले, “काय आवाज आहे!”

मंडळी, तो आवाज अण्णांचा नाही. एकोणतीस वर्षांत अण्णा पाटील झाले, हवालदार झाले, पुजारी झाले. चाळीसच्या वर चित्रपट. एकातही त्यांचा स्वतःचा आवाज नाही. पहिल्या चित्रपटात कुणीतरी ठरवलं, की हा आवाज चालायचा नाही. पुढच्यांनी ऐकूनसुद्धा पाहिलं नाही.

या बापाच्या प्रसंगाचा आवाज आमच्याच स्टुडिओत भरला. अण्णा खडकवासल्याहून बसने नऊ वाजता हजर. दिग्दर्शक म्हणाले, “अण्णा, राग मानू नका. तुमचा आवाज गावाकडचा वाटत नाही हो.”

अण्णा म्हणाले, “आरं, मंग मी कुठला हाय?”

सगळे हसले. मीही हसलो. मग अण्णांऐवजी आवाज द्यायला आमच्याच पेठेतले एक गृहस्थ आत गेले आणि प्रत्येक वाक्याला ‘हाय’ आणि ‘न्हाय’ चिकटवून बाहेर आले. गाव त्यांनी घाटातून जाताना पाहिलं असेल. चित्रीकरणात अण्णा मुलीकडे बघत मध्येच थांबले होते. ती शांतता गृहस्थांना रिकामी वाटली. त्यांनी तिथे हुंदका घातला. पुन्हा नीट बघा, अण्णांचे ओठ मिटलेले आहेत आणि हुंदका ऐकू येतोय! अण्णांचा मूळ आवाज मी या बोटाने बंद केला. नोकरी होती, हे खरं. पण केला मीच.

अण्णांचा पहिलाच चित्रपट लागल्यावर काकू थिएटरात मोठ्याने म्हणाल्या होत्या, “अवं, ह्यो कोन बोलतोय तुमच्या तोंडातनं?”

अण्णा म्हणाले, “गप बस, लोक ऐकत्यात.”

त्यानंतर काकूंनी त्यांचा एकही चित्रपट पाहिला नाही. आज आल्या, कारण अण्णांनी सांगितलं, “आज मीच बोलनार हाय.” आठ दिवस ते घरात बोलण्याचा सराव करत होते. आणि आपण काय केलं? शाल दिली, नारळ दिला आणि पुन्हा आवाज काढून घेतला. रसिकांची संस्था म्हणवतो ना आपण?

संयोजक मला हाताने ‘आवरा’ म्हणताहेत. दिसतंय मला. पत्रिकेत माझ्या नावापुढे दहा मिनिटं आहेत. घड्याळ पाहून सांगतो, चार झाली. उरलेली सहा मी अण्णांना देतो. यात कुणाचाही वेळ जात नाही.

संस्थेने हा सत्कार ठेवला, आपण सगळे आलात, याबद्दल मनापासून आभार. शाल खरोखर चांगली आहे. बोलताना कुणाचा मान राखायचा राहिला असेल, तर मला वयाने लहान समजून पोटात घाला.

अण्णा, उठा. काकू वाट बघताहेत. माईक चालू आहे. तो मी बंद करणार नाही आणि दुसऱ्या कुणाला करू देणार नाही. या.