हसायचं राहून गेलं

आम्ही मूळचे रत्नागिरीकडचे, वडील गिरगावात कंपाउंडर, मी शाळेत होतो तेव्हा शांती नगरात आलो, आणि मग नोकरी मी केलीच नाही, सिनेमे केले, म्हणजे कोणी मागितले नव्हते असे. इथल्या राई गावच्या खाडीकडे बघत बसलेला माणूस, पाऊण तास, एका फिल्ममध्ये एवढंच. एका महोत्सवात एका विद्वानांनी तिला काळाचं शिल्प म्हटलं, टाळ्या झाल्या, आणि खाली उतरल्यावर मला हळूच विचारलं, पण त्यात आहे काय? पोटासाठी मालिका करतो. माझा चेहरा मरायला बरा पडतो, काय सांगू तुम्हाला, किती घरांतला बाप म्हणून मेलोय मी.

तर मालिकेत एक पद्धत असते बघा, मेल्याचा सीन झाला की उठून कॅमेऱ्याकडे बघून हसायचं, तेवढंही शूट करतात, म्हणजे माणसाचं शेवटचं चित्र मेलेलं राहत नाही. मी हसायचो, मनातून त्या पद्धतीलाही हसायचो, आणि चहाला जायचो.

मग गेल्या वर्षी स्वतःची फिल्म केली, आमच्याच हॉलमध्ये, मी जमिनीवर मेलेला, आई शेजारी, लोक येतात, जातात, बस. समोरच्या शाहभाईंना सांगायचं राहिलं होतं, ते दार उघडं बघून आत आले आणि खरंच रडायला लागले, अरे नंदूभाई, कल तो लिफ्ट में मिले थे. फिल्ममध्ये तेवढंच चांगलं आहे, आणि ते माझं नाही. संपल्यावर आई म्हणाली, आता हस. मी म्हटलं, आई, ही फिल्म मरणावर संपते, आणि कॅमेरा बंद केला.

आता जिना चढताना छातीत धरतं. डॉक्टर म्हणाले, उद्या दाखल व्हा, अँजिओग्राफी करू, मग बघू. त्या ‘बघू’ची मला भीती बसलीय. मी चार पुस्तकं वाचलेला माणूस, ते हसणं थोतांड आहे हे मला कळतं हो, कळून काही होत नाही. हॉलमध्ये मेलेला पडलो होतो त्या लाद्यांवर मी पाय ठेवत नाही, भिंतीकडून वळसा घालून जातो. बोललो कोणाशीच नाही, पण आई बघत होती.

आज जेवणं झाल्यावर तिनं माझा फोन घेतला, म्हणाली, जा, पड तिथे. पडलो. म्हणाली, आता ऊठ आणि हस. तिचं बोट लेन्सवर. मी उठलो, हसलो. तिनं फोन खाली घेतला.

नंद्या, हे मालिकेतलं हसू आहे. परत.

तेव्हापासून किती वेळा झालं, बाई ओके म्हणत नाही. तुम्ही आलात म्हणून ब्रेक मिळाला. चहा घ्या निवांत. मग मी परत मरतो, बघू या वेळी तरी हसता येतंय का.