गोरखच्या डब्यातला किडा

एसटी सुटली तसा मी शेजारच्या साळुबाईंना म्हणालो, "तुमचा विश्वास बसायचा नाही, पण काल जुन्नरला पारसशेठच्या शेतीऔषधांच्या दुकानात मी रांगेत उभा होतो. येडगावच्या गोरखनं डब्यातून किडा आणला होता. मग ऐका."

"शेठ, टोमॅटोच्या वाफ्यात घावलं. आज औषध न्हाई मारलं तर रोपं गेली."

"आधी हे काय आहे ते ठरवू. अळीचं औषध वेगळं, गोगलगायीचं वेगळं."

"अळीच की! मखमलीवानी मऊ हाय."

"अळीला शेपटापर्यंत एवढे पाय?"

"मंग गोम म्हना."

"गोमेच्या पायांना सांधे असतात, गोरखभाऊ. हे तर नुसते फुगे."

"चिकट हाय. गोगलगाय आसंल."

"पायांची गोगलगाय?"

तेवढ्यात रांगेतल्या विज्ञानाच्या बाई म्हणाल्या, "ही मखमली अळी. पण ही अळी नाही, गोम नाही, गोगलगायही नाही. हिचा गटच निराळा. चिकाच्या पिचकाऱ्या मारून किडे धरते नि खाते."

"म्हंजी रोपं न्हाई खात? मंग औषध मारू का नगं?"

"मारलंत तर तुमची राखणदारच मरेल."

"मंग रोपं कोन खातंय, बाई?"

"दुसरेच किडे. त्यांनाच तर ही खाते."

"पुढं काय झालं, आबा?" साळुबाईंनी विचारलं.

"शेठनं बोट लावलं, तशी तिनं पिचकारी मारली. शेठचे दोन्ही हात काउंटरला चिकटले, ते अजून सुटले नाहीत. औषध देणार कोण? गोरखनं तिला परत वाफ्यात सोडली, आज रोपं टवटवीत!"

"आबा, खोटं जरा हळू बोला. पारसशेठ मागच्याच सीटवर शेंगा सोलत बसल्यात."