फोटोतली मिशी

— मावशी, सकाळधरनं दुकानाच्या पायरीवर बसलाव, गिऱ्हाईक मागं फिरायलंय, उठा की आता. आनंदराज तुमचं लेकरू हाय, ठाव हाय मला. उद्या निकाल हाय, तेबी ठाव हाय. पन मी गवाही देऊन सहा महिने झाले, आता ती मागं घेता येतीय व्हय? अन मी एकटाच म्हनलोय का? अख्खं मुखेड म्हनायलंय, त्यानंच अमरनाथ सराफाला भोसकलं म्हनून. रोज पेपरात येत व्हतं — पैल्या दिशी ‘संशयित’, दुसऱ्या दिशी ‘आरोपी’, अन आठवड्यात ‘नराधम’! छापून आलेलं काय खोटं असतंय? तुमी आई, तुमी न्हाई म्हननारच. पन मी डोळ्यानं बघितलो ना — समोरच्या सराफाच्या दुकानातनं पळाला, माझ्या पुढनं गेला, दोन हातावरनं! दोन महिन्यानं जेलात वळखायला धा मानसं हुबी केली, मी सरळ त्याच्याच खांद्यावर हात ठिवलो. झुपकेदार मिशी. मिशीवरनंच वळखलो, कोर्टातबी तेच सांगितलो.

काय? काय म्हनलाव? मिशी नव्हती? — बापाच्या दहाव्याला काढली व्हती — कवा? — खुनाच्या आदल्या दिशी? कायतरीच! जेलात व्हती की — हां, दोन महिन्यात येतीयच म्हना. पन फोटोत तं व्हती ना मावशी! लग्नातला, फेटा बांधलेला, पैल्या पानावर — चार दिवस तोच फोटो बघून बघून मी — न्हाई. न्हाई, तसं न्हाई. मानूस बघितलो व्हतो मी. बघितलोच. पाठमोरा व्हता, पन... हे तुमी वकिलाला सांगितलं न्हाई का? आईचं कोन ऐकतंय म्हनला? मग मला तरी इचारायचं व्हतं त्यानं! त्यो इचारला असता तं मी —

रडू नका. पाया पडू नका ओ, लोक बघायलेत. माजाबी फोटो आला व्हता पेपरात, ‘धाडसी साक्षीदार गुंडप्पा’ म्हनून — बायकोनं फ्रेम करून देवघराशेजारी लावलाय. झोप न्हाई मला मावशी, खरं सांगायलो. पन उद्या कोर्टात जाऊन काय म्हनू — मला मानूस दिसलाच न्हाई, फोटो दिसला? परवाच्या पेपरात मला काय म्हनून छापतील? सांगा ना! बोला की कायतरी!

...जावा मावशी. शटर वढायलोय. पाय काढा.